मुलांना कसं आणि कधी सांगायचं

घटस्फोट घेऊन वेगळं व्हायचं ठरलं असेल, तर ते मुलांना आई-बाबा दोघांनी मिळून सांगा, शक्यतो शनिवारी सकाळी. परीक्षेच्या तोंडावर किंवा झोपताना नको. दहा मिनिटं पुरतात. कारणमीमांसा नको. मुलांना हवं असतं ते वेगळंच: शाळा तीच ना, आजीकडे कधी जायचं, मांजर कुणाकडे राहणार. याची उत्तरं आधी ठरवून बसा.

पाच-सहा वर्षांचं मूल बहुधा दोष स्वतःकडे घेतं, ‘मी हट्ट केला म्हणून बाबा गेले.’ ‘तुझ्यामुळे नाही’ हे एकदा सांगून भागत नाही, पुढचे कित्येक महिने सांगावं लागतं. सुटलेलं अंथरूण ओलं करणं पुन्हा सुरू झालं तर रागावू नका. नऊ-दहाची मुलं एकाची बाजू घेतात. चौदा-पंधराची ‘मला काही फरक पडत नाही’ म्हणून दार लावतात. ते खरं मानू नका, पण दारही ठोठावत बसू नका.

सर्वांत घातक म्हणजे ‘फीचं बाबांना तूच विचार.’ निरोप्या करू नका, फोन आपण करावा.

ताब्याचा वाद असेल तर कौटुंबिक न्यायालयात न्यायाधीश मुलाशी चेंबरमध्ये बोलू शकतात. पढवून पाठवू नका. पढवलेलं लगेच कळतं, आणि ते तुमच्यावरच उलटतं.