कॅथलिक फादर व्हायला किती वर्षं लागतात? दीक्षा झाली की शिक्षण संपतं का?

साधारण आठ-दहा वर्षं धरा. चर्चच्या कायद्यानुसार तत्त्वज्ञान आणि ईशज्ञान (म्हणजे देवाधर्माचा अभ्यास) मिळून सहा वर्षांचा अभ्यास लागतोच. त्याआधी तयारीचा काळ, शिवाय प्रत्यक्ष सेवेचा अनुभव. मग डीकनची, म्हणजे फादरच्या आधीच्या पायरीची दीक्षा आणि किमान सहा महिन्यांनी गुरुदीक्षा, म्हणजे फादर होण्याची दीक्षा, तीही वयाची 25 वर्षं पूर्ण झाल्यावर. आपल्या कोल्हापूरहून जवळ पुण्याची पेपल सेमिनरी, म्हणजे फादर घडवणारी संस्था आहे. 1893 ला श्रीलंकेतल्या कँडीत सुरू झाली, 1955 ला पुण्यात आली.

शिक्षण मात्र संपत नाही. पोप जॉन पॉल दुसरे यांनी 1992 च्या पत्रात फादरच्या घडणीची चार अंगं सांगितली: मानवी, आध्यात्मिक, बौद्धिक आणि सेवाकार्याचं. ही घडण मरेपर्यंत चालते. मला यात मानवी अंग सगळ्यांत अवघड वाटतं. लोकांचं ऐकून घेणं, एकटेपण पेलणं हे परीक्षा देऊन येत नाही.

माझे मामा फादर आहेत. साठी उलटली तरी दरवर्षी मौनसाधनेला जातात, स्वतःही पापनिवेदन करतात. पुण्याच्या एसटीत कराड आलं की रंगीत फिती लावलेलं प्रार्थनेचं पुस्तक उघडतात. शेजारचा झोपलेला असतो. यांचे ओठ हलत असतात.