‘पातळ’ शब्दातले पान

ठाण्यात नौपाड्याला राहणाऱ्या एका ताईंच्या मुलाने निबंधात ‘माझा दादा पातळ आहे’ असे लिहिले आणि शिक्षिकांनी त्या वाक्याखाली लाल रेघ मारली. यात चूक काय, आणि ‘पातळ’ हा शब्द ‘पाताळ’वरून आला आहे का, असे ताईंनी विचारले आहे.

पाताळाशी त्याचा काहीही संबंध नाही. शब्द आला आहे ‘पत्र’ म्हणजे पान यावरून. प्राकृतात ‘पत्र’चे ‘पत्त’ झाले आणि त्याला ‘ल’ लागून ‘पत्तल’ तयार झाले. बाराव्या शतकातल्या हेमचंद्राने विद्युत्, पत्र, पीत आणि अंध या शब्दांना असा ‘ल’ लागतो, असे सूत्रच आपल्या व्याकरणात दिले आहे. म्हणजे ‘पिवळा’ आणि ‘आंधळा’ ही ‘पातळ’ची भावंडेच ठरतात. पुढे ‘सत्त’चे ‘सात’ झाले तसे ‘पत्त’चे ‘पात’ झाले आणि दोन स्वरांमधल्या ‘ल’चा मराठीच्या रीतीप्रमाणे ‘ळ’ झाला. कांद्याची पात आणि सुरीचे पाते हीसुद्धा याच घरातली.

हे मूळ ध्यानात घेतले की वापराचा उलगडा होतो, आणि मला तर तो फार सुंदर वाटतो. कागद, पोहे, काकडीची चकती, म्हणजे ज्याला पानासारखा पसारा आहे पण जाडी नाही, ते पातळ. तार, दोरा, काडी मात्र बारीक. जांभळी नाक्याच्या बाजारात पोहे मागितले की दुकानदार ‘जाड की पातळ?’ असे विचारतो, पण त्याच बाजारातून आणलेल्या अळूची भाजी घरी पातळ झाली, तर ती ‘दाट’ हवी होती असे आपण म्हणतो. घावनाचे पीठ सैल भिजवले की तव्यावर पानासारखे पसरते. द्रवाला हे विशेषण अशाच अनुभवातून लागले असावे, असे मला वाटते.

माणसाच्या अंगकाठीला, या शब्दातच काठी आहे, मराठी कान पानाची उपमा देत नाही. म्हणून दादा बारीक, किडकिडीत किंवा काटकुळा असतो. ‘पतला’ हा याच मुळाचा हिंदी शब्द माणसालाही चालतो आणि ठाण्यातल्या मुलांच्या कानांवर तो रोज पडतो, त्यामुळे निबंधातली चूक समजण्यासारखी आहे. ‘पातळ’ माणसाला लागते ते ‘सडपातळ’ या जोडशब्दात, आणि त्यात बांधेसूदपणाचे कौतुकही असते. दादा तसा असेल, तर मुलाने आधी फक्त ‘सड’ जोडावे.