आईच्या पंच्याहत्तरीला बोलण्यासाठी अर्थपूर्ण ओळी सुचवाल का?

तुम्ही लिहिलंय की पुढच्या महिन्यात आईची पंच्याहत्तरी आहे, हॉल ठरलाय, दीडशे माणसं येणार, पाच मिनिटं बोलायचंय आणि सगळ्यांच्या डोळ्यांत पाणी येईल अशा ओळी हव्या आहेत. ओळी मी देत नाही, त्या व्हॉट्सॲपवर ढिगाने आहेत. माझी स्वतःची फजिती सांगतो, त्यातलं उपयोगी पडेल ते घ्या.

चार वर्षांपूर्वी आमच्याकडे हाच कार्यक्रम झाला. मी थोरला, त्यात बँकेत कोणी रिटायर झालं की निरोपाचं भाषण माझ्याच गळ्यात, म्हणून घरात कुणी दुसऱ्याला विचारलंसुद्धा नाही. मी सुरुवात केली 'स्वामी तिन्ही जगाचा, आईविना भिकारी' या ओळीने. मध्ये 'प्रेमस्वरूप आई, वात्सल्यसिंधू आई' आलं. आवाज जिथे जड करायचा तिथे केला. टाळ्याही पडल्या. पहिल्या रांगेत मामा बसले होते, मराठीचे निवृत्त शिक्षक. पंगतीत जिलबीचा तुकडा मोडत ते म्हणाले, "अरे, माझी बहीण समोर धडधाकट बसलीय आणि तू दोन्ही कविता गेलेल्या आईवरच्या म्हटल्यास."

रात्री घरी येऊन दोन्ही कविता नीट वाचल्या. खरंच की! यशवंतांच्या कवितेत कुणीतरी आईला हाक मारतंय आणि ती हाक ऐकून पोरक्या माणसाला रडू फुटतंय. माधव ज्यूलियन तर दुसऱ्याच ओळीत विचारतात, आता तुला कोणत्या उपायाने बोलावू? शाळेत पाठ केल्या, पाठ झाल्या म्हणून पुन्हा वाचल्या नाहीत. कविता थोरच आहेत, पण वाढदिवसाच्या नाहीत. तुम्ही तुमच्या प्रश्नात यातलीच एक ओळ 'सुरुवातीला कशी वाटेल?' म्हणून दिली आहे, म्हणून एवढं सांगितलं.

दुसरी चूक माझी मला त्याच दिवशी कळली होती. आम्ही भावंडं आईला 'वहिनी' म्हणतो. एकत्र कुटुंब होतं, काका लोक तिला वहिनी म्हणायचे, आम्ही तेच उचललं. अशी घरं तुम्हीही पाहिली असतील, कुठे स्वतःच्या आईला अक्का म्हणतात, कुठे काकी, कुठे बाई. तर माइक हातात आला आणि मी जन्मात पहिल्यांदा 'माझ्या मातोश्री' म्हणालो. 'त्यांनी आम्हाला घडवलं, त्यांनी संस्कार दिले.' अहो, वडिलांना अहो-जाहो करणाऱ्या आमच्या घरात आईला कायम अगं-तुगंच. ती समोर खुर्चीत हात मांडीवर ठेवून अशी बसली होती, जणू दुसऱ्याच कुणाचा सत्कार चाललाय आणि आपण उगाच पुढे बसलोय.

पिठोरी अमावस्येला आमच्याकडे अजून वाण देतात. आई खीर-पुरीचं ताट डोक्यावर घेऊन पाठमोरी बसते आणि विचारते, "अतीत कोण?" मागून आपण म्हणायचं, "मी", आणि नाव सांगून ताट घ्यायचं. लहानपणी त्या 'मी'साठी आम्हा तिघांची ढकलाढकली चालायची. श्रावणातली ही अमावस्या म्हणजे आपल्याकडचा जुना मातृदिन. त्यात एवढंच बोलणं असतं, आणि तिथे 'मातोश्री' हा शब्द कुणाच्या तोंडून ऐकलेला नाही.

तिसरी चूक सगळ्यात मोठी. मी म्हणालो, वहिनीने आमच्यासाठी खूप खस्ता खाल्ल्या, रात्र रात्र जागून मशीनवर पाय मारले, स्वतःची हौसमौज मारली. ती तीस वर्षं घरी फॉल-पिको करायची, तिच्या पैशांवर आमच्या फिया भरल्या गेल्या, सगळं खरं. पण दुसऱ्या दिवशी चहा देता देता ती म्हणाली, "खस्ता कसल्या रे? मला आवडायचं ते काम. घरात बसून नुसती भाजी निवडत राहिले असते तर वेड लागलं असतं." मग थोडं थांबून, "आणि हौस मारली म्हणे. चांगल्या बारा साड्या होत्या मला."

यावर काय बोलणार?

आता धाकट्या बहिणीचं सांगतो. तिला बोलायचंच नव्हतं, आग्रह झाला म्हणून उठली. दोन मिनिटंसुद्धा बोलली नसेल. ती म्हणाली, वहिनी फॉलचा रंग कधी ट्यूबलाइटखाली ठरवायची नाही. साडी आणि फॉल घेऊन दारात उजेडाला जायची, मोतिया आणि बदामी शेजारी शेजारी धरून बघायची, आणि गिऱ्हाइकाने आणलेला फॉल जुळत नसला तर तोंडावर सांगायची, "हा नेसल्यावर खालून दिसेल, बदलून आणा." फॉल लावताना सुईवर साडीचा एकच धागा उचलायची, म्हणजे सुलट बाजूने टाका दिसत नाही. "माझ्या लग्नातल्या शालूला तिने लावलेला फॉल आहे," बहीण म्हणाली, "उलटा करून बघितल्याशिवाय अजून टाका सापडत नाही."

खुर्चीतून वहिनी मोठ्याने म्हणाली, "शालूला नाही, पैठणीला! शालूचा बाहेर दिला होता, म्हणून तर उसवला!"

सगळा हॉल हसला. मागच्या रांगेतून कुणीतरी बाई म्हणाल्या, "माझ्या पण साडीचा बदलायला लावला होता!" वहिनी मान वळवून त्या कोण ते शोधायला लागली. माझ्या अख्ख्या भाषणात ती एकदाही हलली नव्हती.

तुम्ही मदर्स डेच्या कार्डांवरच्या ओळींचंही विचारलंय. तो दिवस अमेरिकेत ॲना जार्विस या बाईंनी सुरू केला, आपली आई गेल्यावर. १९०८ साली वेस्ट व्हर्जिनियातल्या ग्राफ्टन गावच्या चर्चमध्ये पहिला कार्यक्रम झाला आणि १९१४ मध्ये राष्ट्राध्यक्ष विल्सन यांनी मे महिन्याचा दुसरा रविवार जाहीर केला. इंग्रजी नावात 'आईचा' हे एकवचनच हवं असा जार्विसबाईंचा आग्रह होता. जगातल्या समस्त मातांचा गौरव त्यांना नको होता, ज्याने त्याने आपापल्या आईची आठवण काढावी एवढंच म्हणणं. पुढे छापील कार्डांचा आणि फुलांचा धंदा फोफावला तेव्हा याच बाई आयुष्यभर त्याच्याविरुद्ध भांडल्या. म्हणजे कार्डावरच्या ओळी त्यांनाच चालल्या नसत्या, मी कुठून देऊ?

मग बोलायचं काय? आईला विचारू नका, ती म्हणेल "माझं काय सांगायचंय." तिच्या बहिणीला विचारा, शेजारणीला विचारा, नोकरी केली असेल तर बरोबरच्या कुणाला फोन करा. ती कशात वाकबगार आहे, कशावरून भांडते, कशाला हसते, दुकानदाराशी कशी बोलते. यातली एकच गोष्ट धरा आणि ती बारकाईने सांगा. तपशील थोडा चुकला तरी चालेल, ती दुरुस्त करेल. घरी जे म्हणता त्याच नावाने हाक मारा, माय म्हणत असाल तर माय, आय म्हणत असाल तर आय. आणि तिने सोसलेलं सांगायचंच असेल तर तिला ते सगळ्यांसमोर चालेल का याचा आधी विचार करा. सासरचे पण हॉलमध्येच बसलेले असतात.

अजून एक, वेळेचं. पंच्याहत्तर दिव्यांनी ओवाळताना दिवे विझू नयेत म्हणून पंखे बंद करतात. ते संपल्या संपल्या माइक घेऊ नका, माणसं घामाघूम झालेली असतात. पंखे लागू द्या, सरबत फिरू द्या, मग उभे राहा. जेवणाच्या आधी मात्र उरका, नंतर कुणी ऐकत नाही.

आणि नात्यात कुणी मराठीचे निवृत्त मास्तर असतील तर भाषण त्यांना आधी वाचून दाखवा. पंगतीत ऐकून घेण्यापेक्षा ते बरं.