भूप कोणत्या रंगाचा?

प्रश्न : मी नववीत आहे. एका विज्ञानकथेत शास्त्रज्ञ ओरडतो आणि भांड्यातलं पाणी उजळतं. आवाजाचा प्रकाश खरंच होतो का? (विद्यार्थिनी, अकोला)

उत्तर : होतो, पण ओरडून नाही. 1934 साली जर्मनीतल्या कोलोनमध्ये फ्रेंझेल आणि शुल्टेस हे दोघे फोटोच्या काचा लवकर धुऊन व्हाव्यात म्हणून डेव्हलपरमध्ये श्रवणातीत, म्हणजे कानाला ऐकू न येण्याइतका उंच, ध्वनी सोडत होते. काचांवर बारीक ठिपके उमटले. द्रवातले बुडबुडे ध्वनीच्या दाबाने फुगायचे, मग एकदम मिटायचे. मिटताना आतला वायू इतका तापायचा की चमकून जायचा. ही चमक निळसर असते आणि सेकंदाच्या अब्जांश भागाहूनही कमी टिकते. त्या कथेतल्या शास्त्रज्ञाच्या घशातून इतका उंच आवाज निघणार नाही, एवढीच अडचण.

प्रश्न : आजोबा भजनी मंडळात काळी एकमध्ये (पेटीची पहिली काळी पट्टी 'सा' धरून) गायचे. आता त्यांना अजिबात ऐकू येत नाही. प्रत्येक स्वराला ठरलेला रंग असतो असं म्हणतात. तसं असेल तर त्यांना भूप राग डोळ्यांनी दाखवता येईल का? (एक वाचक, मिरज)

उत्तर : तुमचं पत्र आलं त्या रात्री मी पेटी आणि कॅल्क्युलेटर दोन्ही घेऊन बसलो. पेटी मला बरी येत नाही, हिशेब येतो.

मधल्या सप्तकातली काळी एक, म्हणजे आपला षड्ज (सा), सेकंदाला साधारण 277 कंपनं. सप्तक चढलं की कंपनं दुप्पट होतात. असं 41 वेळा दुप्पट केलं की आकडा 610 लाख कोटींच्या आसपास पोचतो, आणि तेवढी कंपनं असलेला प्रकाश निळसर हिरवा दिसतो. आपल्याला दिसणारा प्रकाश जेमतेम एका सप्तकाएवढाच असल्यामुळे भूपाचे बाकीचे चार स्वरही त्यातच कुठेतरी बसवावे लागतात. तसे बसवले तर रिषभ जांभळट निळा आला, पंचम लाल, धैवत पिवळा-नारिंगी. गंधाराने मात्र दगा दिला. तो जांभळ्याच्या अगदी कडेला जाऊन पडला, जिथे डोळ्याला जवळपास काही दिसत नाही. आता गंधार हा भूपाचा मुख्य स्वर, त्याच्याशिवाय भूप म्हणजे काय, हे मी मिरजेच्या माणसाला सांगायला नको!

तरी मोह सुटेना. तंबोऱ्यात पंचम आणि षड्ज एकत्र नांदतात, म्हणून लाल आणि निळसर हिरवा प्रकाश एकमेकांत मिसळले तर काय होईल ते पाहिलं. हे दोन पूरक रंग आहेत. योग्य प्रमाणात मिसळले की पांढरा उजेड होतो. पाच मिनिटं मी भलताच खूश होतो. मग लक्षात आलं की त्या पांढऱ्यात ना सा उरला ना प. दोन स्वर एकत्र वाजले तरी कानाला ते वेगवेगळे कळतात. डोळा मात्र दोन रंगांचा तिसराच करून टाकतो.

त्याहून मोठी पंचाईत पट्टीची. उद्या कोणी काळी दोनमध्ये गायला बसलं तर आजच्या रिषभाचा रंग उद्याच्या षड्जाला चढणार. रंग बदलले, भूप तोच. कान स्वराची उंची मोजत बसत नाही, दोन स्वरांमधलं अंतर धरतो. डोळ्याला रंगांतलं असं अंतर जाणवत नाही. न्यूटनने 1704 च्या 'ऑप्टिक्स'मध्ये सात रंगांचा मेळ सप्तकाशी घातला होता खरा, पण माझ्या मते तिथे त्याचा सातावरचा जीव जास्त बोलतो. आणि एवढं मांडून झाल्यावर सांगतो, 41 दुपटी हे फक्त गणित आहे. हवा तितक्या वेगाने कंप पावूच शकत नाही, आणि प्रकाश हा मुळात हवेचा कंप नव्हेच.

तेव्हा रंगांचा नाद सोडा. पावडरच्या दुधाचा रिकामा डबा घ्या, तळही कापून काढा. एका तोंडावर कापलेला फुगा ताणून बसवा आणि त्यावर, मध्यापासून जरा बाजूला, नखाएवढा आरशाचा तुकडा चिकटवा. खोलीत अंधार करा. लेझर पॉइंटरचा किरण आरशावर पाडा आणि परतलेला भिंतीवर घ्या. आता डब्याच्या उघड्या तोंडात आजोबांनाच 'सा' लावायला सांगा. भिंतीवरचा ठिपका नाचत वेटोळी काढेल. स्वर हलला की वेटोळंही मोडेल. रंग एकच, लेझरचा, पण आवाज त्यांचा स्वतःचा. किरण कुणाच्या डोळ्यात जाणार नाही एवढं नक्की पाहा. माझा पहिला डबा जाड फुग्यामुळे ढिम्म हलला नव्हता, तेव्हा पातळातला पातळ फुगा आणा.

आणि तुमच्या गावात तंबोऱ्यांना तोटा नाही. एक जुळवून घ्या, आजोबांचा तळवा भोपळ्यावर टेकवा आणि तारा छेडा. जवारी (तारेचा तो गुंजणारा झंकार) नीट लागली की नाही, ते तुमच्याआधी सांगतील, असा माझा अंदाज आहे. काय झालं ते कळवा.