तालुका अहवालात ‘सुरक्षित’, मग मार्चमध्ये आमच्या विहिरी कोरड्या का?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: यवतमाळ जिल्ह्याच्या पूर्वेकडच्या कोळसा पट्ट्यातल्या एका ग्रामपंचायतीचे तुम्ही सदस्य आहात. गावाच्या विकास आराखड्यात कोळसा, चुनखडी आणि भूजल ‘किती आहे’ ते लिहायचंय. हे आकडे काढतात कसे, आणि भूजल अहवालात तालुका ‘सुरक्षित’ असताना तुमच्या विहिरी मार्चमध्ये तळ का गाठतात? मी विदर्भात बरीच वर्षं भूजल सर्वेक्षणाचं काम केलंय, म्हणून पाण्याबद्दल जास्त लिहितो.

कोळशाचं मोजमाप कणगीतलं धान्य मोजण्यासारखं आहे. बोअर घेतात, थराची जाडी बघतात, तिला क्षेत्रफळ आणि घनतेने गुणतात. आपल्याकडच्या रूढ पद्धतीत बोअर एकमेकांपासून ४०० मीटरच्या आत असतील तर तो साठा सिद्ध मानतात. अंतर वाढलं की तो अंदाजाकडे झुकतो. त्यामुळे कुणी ‘एवढे दशलक्ष टन’ म्हटलं, की त्यातले सिद्ध किती हे लगेच विचारा. गावठाणाखालचा, नदीपात्राखालचा कोळसा साठ्यात धरलेला असला तरी तो हाती येतोच असं नाही. चुनखडीचा हिशेबही बहुतेक असाच. फक्त तिथे सिमेंटच्या दर्जाची किती, हा प्रश्न मोठा.

भूजलाला ही कणगीची रीत लावली की घोटाळा होतो. ते दर पावसाळ्यात येतं आणि उरलेलं वर्षभर सरकत, झिरपत, उपसलं जात संपतं. राज्यात भूजल सर्वेक्षण आणि विकास यंत्रणा निरीक्षण विहिरींची पातळी वर्षातून चार वेळा घेते: ऑक्टोबर, जानेवारी, मार्च, मे. पावसाळ्याआधीच्या आणि नंतरच्या पातळीत जो फरक पडतो, त्याला क्षेत्रफळाने आणि खडकाच्या पाणी सोडण्याच्या क्षमतेने गुणतात. ही क्षमता आपल्या बेसॉल्टमध्ये, म्हणजे काळ्या कातळात, साधारण १ ते ३ टक्के.

हे गणित एकदा स्वतः करून बघा. गावाचं क्षेत्र १००० हेक्टर, पातळी ५ मीटर चढली, क्षमता २ टक्के धरली. उत्तर येतं १०० हेक्टर-मीटर, म्हणजे १०० कोटी लिटर. आकडा मोठा वाटतो. पण मोकाट पाण्यावरच्या उसाला वर्षाला दोन-अडीच मीटर पाणी लागतं, तेव्हा एवढ्यात ४०-५० हेक्टर ऊस भिजेल आणि बाकी गावाला घोटभरही उरणार नाही. आणि क्षमता २ ऐवजी १ टक्काच निघाली, तर हेही निम्मं.

वापर या आवकेच्या ७० टक्क्यांपर्यंत असेल तर ‘सुरक्षित’, ९० पर्यंत ‘अंशतः शोषित’, १०० पर्यंत ‘शोषित’, त्यापुढे ‘अतिशोषित’. म्हणजे ‘सुरक्षित’ हा शेरा अख्ख्या तालुक्याच्या वर्षभराच्या सरासरीबद्दल बोलतो. तुमची विहीर मार्चला कशी असेल, हे तो सांगतच नाही.

एका पाणलोटातल्या दोन विहिरी मी कधीच विसरणार नाही. मध्ये जेमतेम सहाशे मीटर. जानेवारीत नाल्याकाठच्या विहिरीत टेप सोडला तर ३ मीटरवर ओला झाला. वर चढावरच्या विहिरीत ११ मीटर टेप सोडला आणि वजन खडकावर ‘खट्’ वाजलं, विहीर कोरडी. काठावरून वाकून पाहिलं तर भिंतीत सगळं लिहिलेलं होतं: वर हातभर माती, मग मुरूम, त्याखाली मांजऱ्या म्हणजे भेगांचा खडक, आणि तळाला काळा पाषाण. पाणी येतं ते मुरूम आणि मांजऱ्यातूनच, आणि उतारावर ते थांबत नाही, दिवाळीनंतर हळूहळू नाल्याकडे निघून जातं. मालकीण काठावर रिकामी कळशी घेऊन उभी होती. त्या दोन विहिरींची सरासरी ७ मीटर, आणि तिच्या दृष्टीने त्या आकड्याला काहीच अर्थ नव्हता.

आणखी एक दुखणं आहे. असं आपोआप नाल्यात निघून जाणारं पाणी म्हणून मूल्यमापनात वार्षिक आवकेच्या ५ ते १० टक्केच वजा करतात. सपाट गाळाच्या प्रदेशात ते चालेल. आपल्या चढउताराच्या बेसॉल्टमध्ये प्रत्यक्षात याहून बरंच जास्त जातं, असं माझं ठाम मत आहे. शिवाय उपसा विहिरींच्या संख्येवरून काढतात आणि नोंद न झालेले बोअर त्यात येत नाहीत.

तुमच्या भागात अजून एक अडचण: एकाच तालुक्यात बेसॉल्ट, कोळसा धरणारा गोंडवाना थरांचा वालुकाश्म (वाळूचा खडक) आणि चुनखडी असे तीन स्वभावाचे खडक आहेत. त्यांच्यासाठी एकच आकडा वापरू नका. उघडी कोळसा खाण जवळ असेल तर ती कोरडी ठेवायला सतत पाणी उपसतात आणि त्याने आजूबाजूची पातळी खाली ओढली जाते. कोळसा एका फाइलीत आणि पाणी दुसऱ्या फाइलीत राहिलं की हे कुणालाच दिसत नाही. तुमच्या आराखड्यात दोन्ही एकाच नकाशावर काढा. खाणबाधित गावांसाठी असलेल्या जिल्हा खनिज प्रतिष्ठानच्या निधीत पिण्याचं पाणी हा प्राधान्याचा विषय आहे, त्यामुळे बाधित गाव म्हणून तिथे मागणी करता येते. ती करताना तुमच्या विहिरींचे आकडे हातात हवेत.

ते आकडे असे जमवा. माथ्यावरची, मधली आणि नाल्याकाठची अशा गावातल्या आठ-दहा विहिरी निवडा. काठावर रंगाने खूण करा आणि दर वेळी तिथूनच मोजा. कठड्याची उंची एकदा मोजून वजा करत जा. आदल्या रात्रीपासून पंप बंद ठेवायला सांगा, नाहीतर खोटी पातळी मिळते. ऑक्टोबर, जानेवारी, मार्च, मे अशा चार महिन्यांत, दर वेळी एकाच आठवड्यात. वही शाळेत किंवा ग्रामपंचायतीत ठेवा. मग आराखड्यात गावभराच्या एका बेरजेऐवजी तीन ओळी लिहा: माथ्यावर किती महिने पाणी, मध्ये किती, पायथ्याला किती. पुनर्भरणाची कामं माथा आणि मधल्या पट्ट्यात धरा, आणि कोणतं पीक कुठे, ते या महिन्यांवरूनच ग्रामसभेत ठरवा. यंदाचा ऑक्टोबर चुकवू नका.