सिग्नल रेजिमेंटला मराठीत ‘दळणवळण’ म्हणावं का?

प्रश्न असा होता की भाषांतरात ‘सिग्नल रेजिमेंट’ला, म्हणजे सैन्यातला संपर्क सांभाळणाऱ्या तुकडीला, ‘दळणवळण पलटण’ म्हटलं तर चालेल का, की ‘संकेत दल’ बरं. मला विचाराल तर दोन्ही नको.

दळणवळण म्हटलं की आपल्या डोळ्यासमोर रस्ते, रेल्वे, एसटी, माणसांची नि मालाची ये-जा हे सगळं येतं, आणि सैन्यात माल नि गाड्यांचं काम वेगळ्याच लोकांकडे असतं, त्यामुळे वाचणारा चुकतोच. ‘संकेत’ची अडचण वेगळी, तो शब्द ऐकला की गुप्त लिपी वाटते, आणि सायफरचं काम सिग्नलवाले करतात खरं पण तो त्यांच्या कामाचा एक कोपरा झाला. बाकी लाइन टाकणं, रेडिओ नि टेलिफोन एक्स्चेंज चालवणं, मोटरसायकलवरून टपाल नेणारे डीआर (डिस्पॅच रायडर), आता सॅटेलाइट आणि ऑप्टिकल फायबर, हे ‘संकेत’मध्ये कुठे बसणार?

मुळात सिग्नल म्हणजे लांबून दिसणारी किंवा ऐकू येणारी खूण. झेंडे, दिवे, आरशावर ऊन पाडून चमकवायचा हेलिओग्राफ, यावरून नाव पडलं आणि वायरलेस आला तरी तेच राहिलं. याला आपल्याकडे फार सुंदर शब्द होता, इशारत. महाराज विशाळगडावर पोचल्याचे तोफांचे बार ऐकेपर्यंत बाजीप्रभूंनी खिंड लढवली असं आपण लहानपणापासून ऐकतो ना, ते बार म्हणजे इशारत. पण आज ‘इशारा’ म्हणजे धमकी नाहीतर हवामान खात्याचा, म्हणून तोही बाद.

मी ‘संदेशवहन’ घेईन. ‘संदेशवाहक’ मात्र नको, कारण तो निरोप नेणारा माणूस, आपला जुना जासूद. सिग्नलवाल्यांचं मुख्य काम निरोप जायची वाट उभी करणं आणि ती तुटू न देणं, आणि त्यांची रचनाही तशीच आहे, ब्रिगेडला सिग्नल कंपनी, डिव्हिजनला सिग्नल रेजिमेंट, त्यावर कोअर (अनेक डिव्हिजन मिळून होते ती) नि कमांडची वेगळी, आणि साधारण नियम असा की वरच्या हेडक्वार्टरने खालच्यापर्यंत संपर्क पोचवायचा. पायदळाच्या बटालियनमध्ये पाठीवर रेडिओ सेट घेऊन फिरणारा जवान मात्र त्या बटालियनचाच असतो, भाषांतरात त्याला सिग्नल कोअरचा, म्हणजे सगळ्या सिग्नलवाल्यांच्या दलाचा, करून टाकू नका, ही चूक मी बऱ्याचदा बघितलीय.

आपल्या सिग्नल कोअरची सुरुवात 15 फेब्रुवारी 1911 ची, फतेहगडला, आणि तेव्हा सिग्नल कंपन्या सॅपर्स अँड मायनर्सचा, म्हणजे सैन्यातल्या इंजिनिअर दलाचा, भाग होत्या. ब्रीदवाक्य ‘तीव्र चौकस’, आता यातला ‘चौकस’ आपला प्रश्न विचारणारा चौकस नव्हे, हिंदीतला सावध, दक्ष या अर्थाचा, तेवढं मराठीत आणताना सांभाळा.

कथेतल्या संवादात मात्र सरळ ‘सिग्नल’च ठेवा. पणजीच्या सिग्नल ट्रेनिंग सेंटरमधून बाहेर पडलेला पोरगा घरी ‘मी सिग्नलमध्ये आहे’ असंच सांगतो, संदेशवहन वगैरे कोणी म्हणत नाही.