आधी वाचायला लाव

चि. लेकरा,

सलाम.

तुझा लांबलचक मेसेज दोनदा वाचला. शब्बाथ शाळेची, म्हणजे चर्चमधल्या लेकरांच्या रविवारच्या बायबल-वर्गाची, बाई होऊन वर्ष झालं नाही आणि तू सोडायला निघालीस. चर्चच्या पाळकसाहेबांना बायबलची वचनं पाठ म्हणायच्या स्पर्धेत बक्षिसाची ढाल हवी, आईबापांना लेकरांच्या तोंडी इंग्रजी गाणी हवीत, हे तर आहेच. पण तुझं खरं खचणं तिसऱ्याच गोष्टीने झालंय. एम.ए.च्या वर्गात कोणीतरी म्हणालं, तुमच्या मिशनच्या शाळा म्हणजे बाटवायचे कारखाने, आणि तुला उत्तर सुचलं नाही.

मग त्याच्यापासूनच सुरू करू. होय, मिशनऱ्यांना धर्मांतर हवं होतं. ते लपवत नव्हते, अहवालात लिहून पाठवत होते. ते नाकारत बसू नकोस. पण प्रॉटेस्टंट पंथाची जन्मापासून एक गोची आहे. माणसानं शास्त्र, म्हणजे बायबल, स्वतः वाचावं हा त्यांचा हट्ट, म्हणजे आधी त्याला वाचायला शिकवणं आलं. या पंथाची सुरुवात करणाऱ्या मार्टिन ल्यूथरनं १५२४ साली जर्मन शहरांच्या कारभाऱ्यांना लिहिलं की शाळा काढा, मुलींसाठीही काढा. स्वीडनमध्ये १६८६ च्या चर्च कायद्यानंतर पाळक घरोघर फिरून नोकर-चाकरांपासून सगळ्यांचं वाचन तपासायचे. लिहिता येतं का, हे कोणी फारसं विचारत नव्हतं. रॉबर्ट रेक्सनं १७८० मध्ये ग्लॉस्टरला संडे स्कूल चालवली ती आठवडाभर कामाला जुंपलेल्या पोरांसाठी, आणि तिथं पहिला धडा अक्षरांचा होता. पुढं इंग्लंडात कितीतरी ठिकाणी रविवारी वाचन चाले, पण लिहायला मनाई, कारण लिहिणं म्हणजे काम आणि काम म्हणजे शब्बाथ मोडणं. हसू नकोस, आपल्या चर्चच्या मंडळीतही असे नमुने आहेत.

वाचायला शिकवणाऱ्याला वाटतं की हा आपलंच पुस्तक वाचेल. तो दुसरंही वाचतो. आपलंही वाचतो आणि उलटा सवाल करतो. म्हणून म्हणतो, वाचायला लाव.

तू जालन्याची, तुला नारायण शेषाद्रींचं नाव तरी माहीत असेल. मुंबईच्या स्कॉटिश मिशनच्या शाळेत शिकलेला ब्राह्मण मुलगा, १८४३ मध्ये बाप्तिस्मा घेतला. धाकटा भाऊ श्रीपतही मिशनऱ्यांच्या घरी राहायला गेला, तेव्हा मुंबईत रान पेटलं. कोर्टानं त्या अल्पवयीन पोराला बापाच्या ताब्यात दिलं. मग जातीत परत घ्यायचं कसं? बाळशास्त्री जांभेकरांनी प्रायश्चित्त देऊन घ्यावं म्हणून धडपड केली, तर सनातन्यांनी त्यांनाच फाडून खाल्लं. एका शाळेनं एका घराची काय अवस्था केली बघ. त्या बापाचं दुःख खोटं होतं असं मी कधीच म्हणणार नाही. वर्गातल्या त्या मुलाला हे जरूर सांग. आणि हेही सांग की तेच नारायण शेषाद्री पुढं निजामाच्या मुलखात आले, जालन्याजवळ बेथेल गाव वसवलं, आणि ज्यांच्या सावलीचा विटाळ मानत त्या मांग-महारांच्यात आयुष्य काढलं. ज्या राज्यात वरचं शिक्षण उर्दूतून, १९१८ चं उस्मानिया विद्यापीठही उर्दू माध्यमाचं, तिथं मराठी बोलणाऱ्या गरिबाच्या लेकरापुढं मराठी पुस्तक ठेवणारे किती जण होते?

नगरकडं बघ. मिशनच्या सिंथिया फरार, आपल्या फरारबाई, १८२७ मध्ये अमेरिकेतून आल्या, नगरला मुलींच्या शाळा चालवल्या. जोतीराव फुले स्वतः पुण्यात स्कॉटिश मिशनच्या शाळेत शिकलेले. त्यांनी फरारबाईंची शाळा पाहिली, सावित्रीबाई त्यांच्याकडं शिकवण्याचं शिकल्या. दोघांपैकी कोणीही ख्रिस्ती झालं नाही. त्यांच्या शाळेतली मुक्ता साळवे, मांगाची चौदा वर्षांची पोर, तिचा निबंध १८५५ मध्ये 'ज्ञानोदय'त छापून आला. 'ज्ञानोदय' हे पत्र मिशनचंच. आम्हाला वेद वाचायचा अधिकार नाही तर आमचा धर्म कोणता, हे तिनं थेट देवाला विचारलं. कारखाना म्हणणाऱ्याला विचार, हा माल कोणत्या साच्यातला?

आता पाळकसाहेबांची ढाल. पाठांतराचा रोग जुनाच आहे, ल्यूथरच्या १५२९ च्या प्रश्नोत्तरीपासूनचा. प्रश्न छापील, उत्तरही छापील, लेकराच्या वाट्याला फक्त घसा. आमच्या स्पर्धेत पहिला आलेला एक मुलगा तेविसावं स्तोत्र एका दमात म्हणायचा. मी शास्त्र उघडून चौथ्या वचनावर बोट ठेवलं, म्हटलं, इथून वाच. त्यानं पानाकडं पाहिलं, खिडकीकडं पाहिलं आणि सुरू केलं, "परमेश्वर माझा मेंढपाळ आहे..." पहिल्या वचनापासून! सहावीतला मुलगा. जोडाक्षर आलं की त्याचं बोट थांबायचं, तोंड मात्र धावायचं.

मग मी पाठांतर बंद केलं. अर्धा तास फक्त वाचन, पाळीपाळीनं, चुकत-माकत. लेकरं विचारू लागली. आदामाच्या मुलाला, काईनाला, बायको कुठून मिळाली? देवाला त्याच्या भावाच्या, हाबेलच्या, अर्पणाचंच कौतुक का? कमिटीत तक्रार गेली की मास्तर लेकरांची श्रद्धा बिघडवतोय. शब्बाथ शाळा माझ्याकडून काढून घेतली. म्हातारा हट्टी, जुळवून घेतलं असतं तर काय बिघडलं असतं, असं माझ्या घरातलेही म्हणतात. जुळवून घेतलं असतं तर वर्ग माझ्याकडं राहिला असता, हे खरं. त्या लेकरांसाठी अजून जीव तुटतो, हेही खरं. पण पोपट तयार करायला मला मंडळीची गरज नव्हती. आजही तेच करीन. वाचायला लाव, दुसरं काही ऐकू नकोस.

इंग्रजी गाण्यांवर भांडू नकोस. दोन म्हणू दे, मग पुस्तकं उघडायला लाव. आणि तुझा तो प्रोजेक्टर! भिंतीवर चित्र हललं की लेकरं गप्प बसतात, म्हणून तुला तो आवडतो. गप्प बसवायचं होतं तर बाई कशाला झालीस?

सोडायचं असेल तर सोड, पण कॉलेजातल्या टोमण्यापायी सोडलंस तर माझ्याकडं येऊ नकोस. नाही, ये. रागात लिहिलं.

मोठ्या अक्षरांचे मराठी नवे करार, बायबलचा दुसरा भाग, माझ्या लोखंडी कपाटात पडून आहेत, शनिवारी येऊन ने. कापडी पिशवी आण, जड आहेत. मत्तयाच्या शुभवर्तमानापासून सुरू करू नकोस, लेकरं वंशावळीतच बसकण मारतात. मार्कापासून कर. जो सगळ्यांत अडखळतो त्याला पहिल्यांदा उठव, आणि तो वाचत असताना मधे बोलू नकोस.

तुझा,
मास्तरकाका